सोमवारची गोळी

“पडू नका,” असं त्या डॉक्टरांनी अव्वाला बजावलं होतं. पडू नका म्हणे! जशी काय ती हौसेनं पडली होती.

अव्वा म्हणजे माझी आई. आमचं उदगीर कर्नाटकच्या हद्दीला चिकटून, म्हणून आमच्यात आईला अव्वा आणि थोरल्या भावाला आण्णा म्हणतात. आण्णाचं मोंढ्यात आडतीचं दुकान आहे. आण्णा, वहिनी आणि अव्वा असं तिघांचं घर. मी नांदेडला शाळेत गणित शिकवते आणि सुट्टी लागली की उदगीर गाठते. मला राग लवकर येतो. वर्गातली पोरं तसं म्हणतात, नवरा म्हणतो, आण्णा तर लहानपणापासून म्हणत आलाय. म्हणू देत. या बाबतीत जो राग आला तो मला आवरायचाच नाही.

तर अव्वा मोरीपुढच्या ओल्या फरशीवर घसरली. उभ्याची खाली बसली, हात टेकला आणि मनगट कटकन मोडलं. माडीवरून पडली नाही, गाडीखाली आली नाही, नुसता हात टेकला. लातूरला नेऊन प्लास्टर घातलं. हाड नीट जुळलं, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण एवढ्याशा धक्क्यानं बाईचं मनगट मोडतंय तर बाकीच्या हाडांची काय गत असेल, हा सवाल त्या अख्ख्या दवाखान्यात एकाच्याही डोक्यात आला नाही. “वय झालं आता, जपायचं. पडू नका.” झालं! पुढचा पेशंट.

वय झालं, या दोन शब्दांचा मला तिटकारा आलाय. मोतीबिंदू झाला तर वय झालं म्हणून कुणी सोडून देत नाही, ऑपरेशन करतात. बीपी वाढलं तर गोळी देतात. हाडं आतून पोखरत चालली की मात्र वय झालं! त्यातून ती बाईमाणसाची हाडं असली तर बोलायलाच नको. आण्णाच्या छातीत एकदा कळ आली होती तर त्याच दिवशी सगळ्यांनी त्याला घेऊन हैदराबाद गाठलं. निघालं काय, तर गॅस. त्यावर कुणी हसलंसुद्धा नाही, उलट देवाला नारळ फोडला.

प्लास्टर निघालं आणि अव्वा हळूहळू आटायला लागली. वहिनी म्हणायच्या, “अव्वा, तुमचं लुगडं लोळून राहिलंय, वर खोचा की.” अव्वा खोचायची, पुन्हा ते लोळायचं. देवघरातल्या कोनाड्याला तिचा हात पुरेनासा झाला, तर आण्णानं तिला पाट आणून दिला पायाखाली घ्यायला. अरे, पाट! मनगट मोडून बसलेल्या म्हातारीला रोज सकाळी पाटावर चढवायचं! प्रेमानंच दिला होता, हे मला कळतं. पाठीला पोक आलं तेव्हा शेजारच्या बायका म्हणाल्या, जन्मभर मान खाली घालून संसार केला माउलीनं, त्याची ही खूण. म्हणजे मणके बसत चालले त्याचंही कौतुक. उंची कमी होतीय म्हणजे आत काहीतरी मोडतंय, हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.

ते कळलं समाजाच्या मंगल कार्यालयातल्या तपासणी शिबिरात. तिथं एका पेटीत पाय ठेवायचा आणि पेटी टाचेच्या हाडाचा अंदाज सांगते. पुरुषांची रांग आधी लावली होती, बायकांना म्हणाले जेवणं उरकून या. वहिनींनी मात्र नेट धरला, अव्वाला घेऊन तिथंच बसून राहिल्या. पेटीनं सांगितलं, हाडं लईच कच्ची आहेत, लातूरला मोठ्या मशीनवर तपासून घ्या. ती मोठी मशीन म्हणजेही बाऊ करण्यासारखं काही नसतं. बाईनं उताणं पडून राहायचं, वरून एक दांडा फिरतो, सुई नाही की टोचणं नाही. पण तेव्हा सोयाबीनची आवक चालू झाली होती. सोयाबीन सरलं तर तूर आली. तूर सरली तर लग्नसराई. आण्णाचं एकच पालुपद, “दुकान टाकून कसं जाऊ?” मी फोनवर भांडले, तो म्हणाला, “अगं, ती चालती-फिरती हाय, तुला नांदेडात बसून काय दिसून राहिलंय?”

शेवटी आण्णा आणि अव्वा गेले लातूरला. हाडं ठिसूळ झाल्याचं मशीननं पक्कं सांगितलं. डॉक्टरांनी कॅल्शियम लिहून दिलं, ड जीवनसत्त्वाची पुडी लिहून दिली, आणि आठवड्यातून एकदा घ्यायची एक गोळी. “सोमवार धरा आजी, म्हणजे लक्षात राहील,” असं डॉक्टर म्हणाले. घरी सगळे खूश. आता अव्वा सोमवार विसरणार आहे होय! आम्ही महादेवाची माणसं. अव्वाच्या गळ्यात लिंग आहे, आंघोळ करून, भस्म लावून, तळहातावर त्या लिंगाची पूजा झाल्याशिवाय ती पाण्याचा थेंब घेत नाही. आणि सोमवारी तर दिवसभर कडक उपास. दिवेलागणीला पुन्हा पूजा करायची, नैवेद्य दाखवायचा आणि मग पेलाभर दूध पिऊन भाकरी मोडायची. लग्न होऊन आली तेव्हापासून यात खंड नाही.

दोन वर्षांवर ती गोळी चालली. अव्वानं एकही सोमवार चुकवला नाही. दर खेपेला आण्णा तिला लातूरला घेऊन जायचा, डॉक्टर विचारायचे, “गोळी चालू आहे ना?” अव्वा म्हणायची, “हाव.” “छान. तीच चालू ठेवा.” मधूनच तिच्या छातीत जळजळायचं, आंबट वर यायचं. ते पित्त, उपासानं होतंय, असं म्हणून तिला पित्ताची गोळीही लावून दिली. सगळं कसं अगदी सुरळीत चाललं होतं.

आणि मग देगलूरला एका बारशाला जाऊन येताना, स्टँडवरून घरी येणारी रिक्षा गतिरोधकावर आदळली. अव्वा सीटवरून जरा उडाली आणि परत सीटवरच बसली. तेवढ्यानं तिच्या पाठीत अशी कळ आली की घराच्या दारात तिला दोघांनी धरून उतरवलं.

आता पाठीत कळ आली की आमच्याकडं काय करतात? उसण भरली म्हणतात आणि पायाळू माणूस बोलावतात. पायाळू म्हणजे जन्मताना ज्याचे पाय आधी बाहेर आले तो. त्यानं पाठीला पाय लावला की उसण उतरते म्हणे. गल्लीतल्या एका पायाळू बाईला वहिनींनी बोलावलं. तिनं अव्वाला पालथं निजवलं आणि पाठीवरून पाय फिरवला. मोडलेल्या मणक्यावरून! मी हे ऐकलं तेव्हा माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. पण त्या बाईवर तरी काय चिडू? तिनं पाय लावायच्या आधी “कुठं दुखतंय, अव्वा?” असं विचारलं तरी होतं. नंतर गल्लीतल्याच दवाखान्यात मलम आणि पट्टा मिळाला. फोटो काढा असं तिथं कुणी म्हणालं नाही.

दिवाळीच्या सुट्टीत मी उदगीरला गेले तेव्हा अव्वा कूस बदलताना ओरडत होती. माझी आई बाळंतपणात ओरडली नाही म्हणून आजी तिचे गोडवे गायची. ती बाई कूस बदलताना ओरडतेय आणि आण्णा मला सांगतोय, “उसण हाय, उतरंल.” मी गाडी सांगितली, मागच्या सीटवर गादी टाकली आणि अव्वाला नांदेडला घेऊन आले. आण्णा मागून म्हणत राहिला, “नाहक दगदग करून राहिलीस.”

नांदेडच्या डॉक्टरीणबाई माझ्याच वयाच्या असतील. त्यांनी आधी अव्वाला भिंतीला टेकवून उंची मोजली. जी बाई लग्नात माझ्या वडलांच्या खांद्याला लागत होती, ती किती खाली आली होती ते तेव्हा आकड्यात दिसलं. मग पाठीचा फोटो काढला. ताजा दबलेला एक मणका होता आणि त्याच्या वर आणखी एक, जुना, कधी दबला ते कुणालाच ठाऊक नाही. बाई मला म्हणाल्या, “मनगट मोडलं, मणके दबले. आता मला भीती आहे खुब्याची. या वयात खुबा मोडला तर सगळीच माणसं पुन्हा चालायला लागत नाहीत. तो वाचवायचा आहे.”

मी म्हटलं, गोळी तर चालू आहे की. दोन वर्षं झाली.

बाईंनी खुर्ची पुढं ओढली आणि अव्वाला विचारलं, “आजी, ती गोळी तुम्ही कशी घेता? सकाळपासून सगळं सांगा मला. मला घाई नाही.”

अव्वानं सांगितलं. सोमवारी उपास. दिवेलागणीला पूजा. मग पेलाभर दूध, त्या दुधाबरोबर ताकदीची म्हणून ही गोळी, मग भाकरी. “दिसभर पोटात काही नसतंय ना बाई, मग जेवलं की गळून जाती मी. लगेच आडवी व्हती.”

डॉक्टरीणबाईंनी डोळे मिटून घेतले. मग शांतपणे सांगितलं. ही गोळी सकाळी, अगदी उपाशीपोटी, नुसत्या पाण्याच्या मोठ्या पेल्याबरोबर घ्यायची. पुढं निदान अर्धा तास दूध नाही, चहा नाही, कॅल्शियमची गोळीसुद्धा नाही. बसायचं ते ताठ बसायचं, आडवं व्हायचं नाही. दुधाबरोबर, जेवणाबरोबर घेतली तर ती अंगाला लागतच नाही, तशीच वाहून जाते. आणि घेऊन लगेच झोपलं तर अन्ननळी जाळते. ते पित्त नव्हतं, आजी.

म्हणजे दोन वर्षं त्या गोळीनं माझ्या आईच्या हाडाला काहीही दिलं नव्हतं. दिली ती फक्त जळजळ. आणि त्या जळजळीवर दुसरी गोळी! मी तिथंच बोलायला लागले असते, पण माझं लक्ष अव्वाकडं गेलं. ती पदराचं टोक चोळत बसली होती.

“म्हंजे म्याच वाया घालवली व्हय समदी?” ती म्हणाली.

दुर्बिणीनं तपासलं तर अन्ननळीला सूज होती, जखम नव्हती. बाई म्हणाल्या, ही सूज उतरू द्या, मग तीच गोळी रीतसर सुरू करू, आणि नाही सोसली तर वर्षातून एकदा सलाइनमधून द्यायचं औषधही आहे. मी घाबरत घाबरत विचारलं, की अव्वा पूजेआधी पाणी पीत नाही, त्याचं काय? बाई हसल्या. “मग पूजा आधी करा की, आजी. आंघोळ, पूजा, मग पाण्याबरोबर गोळी, मग अर्ध्या तासानं दूध. फक्त सोमवार नको, उपास नसेल तो दिवस धरा. कुठं अडतंय?” कुठंच अडत नव्हतं. तिच्या देवाचं, तिच्या नेमाचं या गोळीशी काहीएक भांडण नव्हतं. तिला नीट विचारून दुसरा वार धरायचा आणि चार वाक्यं समजावून सांगायची, एवढ्यावर सगळं अडलं होतं.

पाठीची कळ जरा उतरल्यावर मी अव्वाला उदगीरला पोचवायला गेले आणि तिथं निराळाच तमाशा. आण्णानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “तरी मी म्हणत व्हतो, अव्वा, या वयात एवढे उपास कशाला?” कधी म्हणाला होता? एकदा तरी? सोमवारी नैवेद्याला गूळ कमी पडला तर वहिनींवर डाफरणारा माणूस हा! पाहुणे आले त्यांनीही माना हलवल्या. म्हाताऱ्या माणसांना नाद असतोय उपासाचा. औषध कसं घ्यावं ते ठाऊक नसतंय बिचाऱ्यांना. बिचाऱ्या! अव्वा कोपऱ्यात बसून ऐकत होती आणि दर वेळी “चुकलं माझं” म्हणत होती. जिनं दोन वर्षं एक सोमवार चुकवला नाही, तिचंच चुकलं.

आणि सूज उतरून गोळी सुरू करायची वेळ आली तेव्हा ती नाही म्हणाली. साफ नाही. “माझ्या हातानं परत चुकंल. राहू दे आता. व्हायचं ते व्हईल.” मी समजावलं, वहिनींनी हातापाया पडून सांगितलं. ती भिंतीकडं तोंड करून निजली. माझ्या डोळ्यांपुढं खुबा नाचत होता. मोरीपुढची ती फरशी तिथंच होती, ओली. अशी ही बाई एक दिवस पुन्हा घसरेल आणि मग उठणारच नाही, आणि तेव्हाही सगळे म्हणतील वय झालं.

नांदेडच्या बाईंना हाडांची जुनी तपासणी ताडून बघायची होती. ती लातूरच्या डॉक्टरांकडं होती. म्हणून आम्ही तिघं, अव्वा, आण्णा आणि मी, लातूरला गेलो. मी मनात सगळं भाषण तयार ठेवलं होतं. डॉक्टरांनी फोटो उजेडावर धरला, काय झालं ते माझ्याकडून ऐकलं आणि मान हलवली. अव्वाकडं नाही, आण्णाकडं बघून बोलले, “आपल्याकडं हेच आहे हो. आम्ही लिहून देतो, पण पेशंट ऐकत नाहीत. उपास-तापास, दूध, काय काय करत बसतात. आम्ही तरी काय करणार?” आणि खाली वाकून कागदावर लिहायला लागले.

माझं तोंड उघडलं होतं. पण माझ्या आधी अव्वा बोलली.

“साहेब, म्या तुमाला इचारलं व्हतं.”

डॉक्टरांनी पहिल्यांदा तिच्याकडं नीट पाहिलं.

“ह्याच खुर्चीत बसून इचारलं. तुमी सोमवार म्हणलात, म्हणून म्या म्हणलं, साहेब, सोमवारी माझा कडक उपास असतोय, मग गोळी कवा घेऊ? तुमी खाली मान घालून लिहीत व्हता. लिहीत लिहीतच म्हणलात, उपास सोडल्यावर घ्या. मग म्या उपास सोडल्यावर घेतली.” ती एवढं बोलून थांबली आणि पुन्हा म्हणाली, “तुमी सांगितलं तशीच घेतली.”

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. मग म्हणाले, “म्हणालो असेन. गर्दी असते इथं, आजी.” आवाज खाली गेला होता. आण्णा जमिनीकडं बघत होता. गोळी लिहून दिली त्या दिवशी तो आत नव्हताच, बाहेर पायरीवर उभा राहून फोनवर तुरीचा भाव ठरवत होता. मी डॉक्टरांना जे बोलायचं ते बोलले. सगळं इथं लिहीत नाही, पण बाहेर बसलेल्यांना ऐकू गेलं असणार आणि ऐकू जावं असंच मला वाटत होतं. पुढच्या म्हातारीला विचारा, एवढं तरी करा, असं मी शेवटी म्हणाले. त्यांनी तपासणीचे कागद स्वतः उठून काढून दिले.

गाडीत बसल्यावर मी अव्वावरच चिडले. “अगं, मग इतके दिवस बोलली का नाहीस? घरात सगळे तुला नावं ठेवत होते, मी तुझ्या पुढ्यात बसले होते, तेव्हा सांगायचं नाही?”

अव्वा खिडकीबाहेर बघत होती. “समदे म्हणलात, अव्वाचं चुकलं. तुमी शिकलेली लेकरं. मला वाटलं, साहेब दुसरंच काहीतरी म्हणले असतील आन् माझ्याच डोक्यात भलतं बसलं असंल. आज ते लिहायला खाली वाकले, तवा आठवलं पक्कं. न्हाई, म्या इचारलं व्हतं.”

दोन मणके गेले त्याहून मला हे जास्त लागलं, की आम्ही सगळ्यांनी मिळून तिला तिच्या स्वतःच्या आठवणीवर विश्वास ठेवू दिला नाही. आण्णा पुढच्या सीटवर बसला होता. त्याचा फोन दोनदा वाजला, त्यानं तो बंद करून खिशात टाकला. घराच्या दारात त्यानं अव्वाचा हात धरून तिला उतरवलं, मोरीपुढं गेला आणि पोत्याचं जाड फडकं घेऊन फरशी पुसायला लागला. वहिनी बघतच राहिल्या.

बुधवारी पहाटे मला भांड्यांचा आवाज आला. अव्वानं आंघोळ केली होती. कपाळावर भस्म, तळहातावर लिंग, पूजा चालली होती. ती झाली तशी उठून तिनं स्वतः माठातून पाण्याचा पेला भरला, गोळी जिभेवर ठेवली आणि सगळं पाणी पिऊन टाकलं. मी अंथरुणातूनच बघत होते. ती सरळ पाठीच्या लाकडी खुर्चीत बसली, पट्टा बांधून, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून.

थोड्या वेळानं आण्णा चहाची बशी घेऊन तिच्यापुढं आला. “घे अव्वा, गार होऊन राहिलाय. घोटभर घेतल्यानं काय होतंय?”

अव्वानं मान हलवली. “अर्धा तास व्हायचाय आजून. ने तो चहा,” ती म्हणाली. “आता मला कुणीतरी नीट सांगितलंय.”